कल्पित तारे, खरे आकाश : एका अभ्यासविषयाची प्रस्तावना

वाल्मीकी रामायणाच्या बालकांडात विश्वामित्र नवे तारे घडवतात. इक्ष्वाकू कुळातल्या त्रिशंकू राजाला सदेह स्वर्गात जायचे होते. वसिष्ठांनी नकार दिला. विश्वामित्रांनी यज्ञ करून त्याला वर धाडले, तर इंद्राने त्याला खाली लोटले. डोके खाली आणि पाय वर अशा स्थितीत कोसळणाऱ्या राजाला विश्वामित्रांनी वाटेतच थांबवले आणि संतापाच्या भरात दक्षिणेला दुसरे सप्तर्षी व दुसरी नक्षत्रमाला निर्माण केली. देव भयभीत होऊन आले आणि अखेर तडजोड झाली. त्या तडजोडीतली अट अशी : हे नवे तारे आकाशात कायम राहतील, पण वैश्वानराच्या मार्गाबाहेर, म्हणजे आधीच्या ताऱ्यांच्या वाटेबाहेर, राहतील आणि त्रिशंकू त्यांच्यात उलटा लटकत राहील.

ज्या अभ्यासविषयाशी या प्रस्तावनेतून वाचकाची ओळख करून द्यायची आहे, त्याचे बीज या अटीत आहे. कल्पनेने तारा निर्माण करता येतो, पण तो आकाशात ठेवायचा म्हटला की आधीच्या आकाशाशी हिशेब जुळवावा लागतो. तो कोणत्या दिशेला दिसेल, केव्हा उगवेल, इतर ताऱ्यांच्या वाटेत येईल की नाही, ही उत्तरे कथाकाराला द्यावीच लागतात. रामायणकारांनी ती दिली, म्हणून त्रिशंकूची कथा आजही आकाशाकडे बोट दाखवून सांगता येते. एप्रिल-मे महिन्यांत पुण्याच्या दक्षिण क्षितिजावर, जेमतेम अकरा अंश उंचीवर, चार ताऱ्यांची जी छोटी आकृती दिसते, तिला आपण त्रिशंकूच म्हणतो.

कादंबऱ्या, महाकाव्ये आणि चित्रपट यांनी रचलेल्या जगांच्या आकाशातही तारे असतात. त्यांचा अभ्यास दोन प्रश्नांवर उभा आहे. पहिला विज्ञानाचा : हा तारा खरोखर असता तर कसा असता, कसा चालला असता, त्याच्याखाली कोणते ऋतू झाले असते? दुसरा लोककथेचा : त्या जगातली माणसे या ताऱ्याविषयी काय सांगतात, कशासाठी सांगतात, आणि ते सांगणे पिढ्यापिढ्यांतून कसे बदलते? हे दोन्ही प्रश्न सुटे सुटे घेतले तर अभ्यास लंगडा पडतो. माझे प्रतिपादन थोडक्यात असे : कल्पित ताऱ्याचे नियम जितके काटेकोर, तितकी त्याची कथा खोल. पुढची सगळी उदाहरणे हेच तपासण्यासाठी निवडली आहेत.

या क्षेत्रात शिरण्याचा सर्वांत चांगला दरवाजा म्हणजे इंग्रज कादंबरीकार जे. आर. आर. टोल्कीन यांचा एआरेन्दिल हा तारा. टोल्कीन ऑक्सफर्डचे विद्यार्थी होते, तेव्हाची ही गोष्ट. ‘क्राइस्ट’ या प्राचीन इंग्रजी धार्मिक काव्यात त्यांना ‘एआरेन्देल’ हा शब्द भेटला. प्रकाशाच्या दूताला, पहाटेच्या ताऱ्याला उद्देशून तो आलेला होता. १९१४ च्या सप्टेंबरमध्ये, पहिले महायुद्ध नुकतेच पेटले असताना, नॉटिंगहॅमशायरमधल्या गेडलिंग गावी मावशीच्या शेतावर राहत असताना त्यांनी सायंताऱ्याच्या सफरीवर एक कविता लिहिली. तिच्यातला खलाशी पश्चिमेच्या कडेवरून आपले जहाज आकाशात लोटतो. पुढे सहा दशके टोल्कीन ज्या पुराणविश्वावर काम करत राहिले, त्याचे पहिले पाऊल ही कविता मानली जाते. त्या विश्वात हॉबिट ही बुटकी माणसे फार उशिरा आली. तारा मात्र सुरुवातीलाच होता.

‘द सिल्मारिलियन’ हा ग्रंथ टोल्कीन यांच्या मृत्यूनंतर, १९७७ मध्ये, त्यांचे पुत्र ख्रिस्तोफर यांनी संपादून प्रसिद्ध केला. त्यात या ताऱ्याची कथा पूर्ण रूपात येते. एआरेन्दिल अर्धा मानव, अर्धा एल्फ, म्हणजे त्या विश्वातल्या अमर कुळातला. त्याची पत्नी एल्विंग हिच्याकडे सिल्मारिल हे रत्न आहे. त्या रत्नात सूर्यचंद्रांच्याही आधीच्या दोन तेजोवृक्षांचा प्रकाश कोंडलेला आहे. शत्रूंनी घेरल्यावर ती समुद्रात उडी घेते आणि शुभ्र पक्षी होऊन रत्नासह पतीच्या जहाजावर उतरते. रत्नाच्या प्रकाशात वाट काढत दोघे देवांच्या भूमीला पोहोचतात. तिथे एआरेन्दिल एल्फ आणि मानव या दोन्ही कुळांसाठी क्षमा आणि मदत मागतो. मदत मिळते, पण त्याला परत फिरण्याची परवानगी मिळत नाही. कपाळावर सिल्मारिल बांधून तो विंगिलोत या जहाजातून आकाशात फिरू लागतो. खाली राहिलेल्या माणसांना तो प्रथमच दिसतो, तेव्हा ती त्याला आशेचा तारा म्हणतात.

आता या कथेला खगोलशास्त्राचे प्रश्न विचारू. एआरेन्दिल बहुतेक वेळा सूर्योदयाच्या किंवा सूर्यास्ताच्या सुमारास दिसतो, असे ग्रंथात स्पष्ट म्हटले आहे. असे वागणारी आणि सर्वांहून तेजस्वी असलेली चांदणी एकच : शुक्र. शुक्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेच्या आत असल्याने आपल्या दृष्टीने तो सूर्यापासून ४७ अंशांहून अधिक दूर जात नाही. म्हणून तो मध्यरात्री डोक्यावर कधीच येत नाही. सूर्याच्या आधी साधारण तीन तास किंवा सूर्यानंतर साधारण तीन तास, एवढीच त्याची मुदत. शुक्राचे पूर्ण चक्र ५८४ दिवसांचे असते. त्यात तो काही महिने सायंतारा असतो आणि काही महिने पहाटतारा असतो. मधल्या काळात दोनदा सूर्याच्या तेजात हरवतो, एकदा काही दिवस आणि एकदा कित्येक आठवडे.

टोल्कीन यांनी या प्रत्येक गोष्टीला कथेत जागा दिली आहे. तारा उंबरठ्यावरच दिसतो, कारण एआरेन्दिल स्वतः दोन कुळांच्या उंबरठ्यावर जन्मलेला आहे. तारा मधूनच नाहीसा होतो, कारण जहाज जगाच्या सीमेपलीकडच्या ताराहीन पोकळीत गेलेले असते. तो परत येताना दिसतो, तेव्हा सीमेवरच्या शुभ्र मनोऱ्यात राहणारी एल्विंग पक्षिरूपाने त्याला सामोरी जाते. शुक्राचे अस्त आणि उदय हा गणिताचा भाग कथेत विरह आणि भेट होऊन येतो.

तेजाची उतरंडही अशीच पाहण्यासारखी आहे. टोल्कीन यांच्या पुराणात वार्दा ही ताऱ्यांची देवी. तिने केलेले सर्वांत जुने तारे मंद आहेत. पुढे तिने तेल्पेरिओन या रुपेरी वृक्षाचे दव वापरून अधिक ठळक तारे घडवले. वृक्ष नष्ट झाल्यावर तेल्पेरिओनच्या शेवटच्या फुलाचा चंद्र आणि लौरेलिन या सोनेरी वृक्षाच्या शेवटच्या फळाचा सूर्य झाला. त्याच वृक्षांचा अखंड प्रकाश सिल्मारिलमध्ये उरला आणि तो एआरेन्दिलच्या कपाळी गेला. आता खऱ्या आकाशातला क्रम पाहा. सूर्य सर्वांत तेजस्वी, मग चंद्र, मग शुक्र. ताऱ्यांमध्ये सर्वांत तेजस्वी दिसणारा व्याध शुक्राच्या खूपच मागे राहतो. शुक्र ऐन तेजात असताना व्याधाच्या सुमारे वीसपट तेजस्वी असतो आणि अंधाऱ्या जागी त्याच्या प्रकाशात सावलीही पडते. म्हणजे पुराणातल्या प्रकाशाची वंशावळ आणि आकाशातली तेजस्वितेची उतरंड एकमेकींना धरून आहेत. असे जुळते तेव्हा वाचकाला कारण सांगता आले नाही, तरी ते जग त्याला खरे वाटते.

या क्षेत्राची पद्धत समजून घ्यायची तर टोल्कीन यांच्याच ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या पहिल्या खंडातले एक छोटे कोडे उपयोगी पडते. १९५४ साली प्रसिद्ध झालेल्या या खंडात सप्टेंबरअखेरच्या एका रात्री प्रवासी रानात बसले आहेत. पूर्वेला रेम्मिराथ नावाचा जाळ्यात गुंफल्यासारखा तारकापुंज उंच आला आहे. मग धुक्यावर लाल बोर्गिल उगवतो. त्यानंतर चमकता कमरपट्टा ल्यालेला आकाशाचा तलवारधारी, मेनेल्वागोर, क्षितिजावर चढतो. पहिला पुंज म्हणजे कृत्तिका, शेवटचा म्हणजे ओरायन, आपले मृग नक्षत्र, याविषयी वाद नव्हता. मधला लाल तारा कोणता, यावर मात्र वाचकांत मतभेद होते. कोणी काक्षी म्हणजे बेटलजूस म्हणत, कोणी मंगळ म्हणत.

मराठी वाचकाने उत्तर एव्हाना ओळखले असेल. कृत्तिका, रोहिणी, मृग हा क्रम आपल्याकडे लहानपणीच तोंडपाठ होतो. कृत्तिकांनंतर आणि मृगाच्या आधी उगवणारा लालसर ठळक तारा म्हणजे रोहिणी. भौतिकशास्त्राच्या अमेरिकन प्राध्यापक क्रिस्टीन लार्सन यांनी २००५ मध्ये ‘टोल्कीन स्टडीज’ या नियतकालिकात हाच निष्कर्ष सविस्तर पुराव्यांसह मांडला. बेटलजूस हा मृगाच्याच आकृतीतला तारा, त्यामुळे तो मेनेल्वागोरच्या आधी वेगळा उगवतो असे म्हणणे बसत नाही. हॉबिटांचे गाव साधारण ऑक्सफर्डच्या अक्षांशावर आहे, असे टोल्कीन यांनी एका पत्रात लिहिले आहे. तो अक्षांश धरून सप्टेंबरअखेरचे गणित केले, तर कृत्तिका संध्याकाळी साडेसातच्या सुमारास उगवतात, रोहिणी नऊच्या सुमारास, आणि मृग रात्री अकरानंतर वर येऊ लागते. कादंबरीतल्या रात्रीचा वेग याला जुळतो.

आकाशाचे उल्लेख पुरावा म्हणून वाचण्याची ही रीत मराठी विद्वत्तेला परकी नाही. लोकमान्य टिळकांनी १८९३ मध्ये ‘ओरायन’ हा ग्रंथ लिहिला, तो वसंतसंपात मृगशीर्षात असल्याच्या वैदिक खुणांवर उभा आहे. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी शतपथ ब्राह्मणातले, कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत, हे विधान घेऊन त्यावरून काळ काढला. त्यांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा मराठी ग्रंथ १८९६ चा. या दोघांच्या निष्कर्षांवर पुढे पुष्कळ चर्चा झाली, पण संहितेतले वाक्य, दिशा, ऋतू आणि संपातचलनाचे गणित एकत्र ठेवण्याची शिस्त त्यांनी घालून दिली. कल्पित जगाच्या अभ्यासकाला तीच शिस्त लागते. उद्दिष्ट मात्र वेगळे असते. टिळक-दीक्षितांना ग्रंथाचा काळ शोधायचा होता. आपल्याला लेखकाने आपले जग कसे बांधले, हे शोधायचे असते.

लोककथेच्या बाजूने पाहिले तर हेच तीन नक्षत्रांचे दृश्य आणखी बोलके होते. टोल्कीन यांना मृगाच्या मधल्या तीन ताऱ्यांत योद्ध्याचा पट्टा दिसतो. आपल्याकडे तेच तीन तारे म्हणजे हरणाच्या शरीरात रुतलेला बाण, आणि तो सोडणारा व्याध मागून येतो. तारे तेच, उगवण्याचा क्रम तोच, पण एका समाजाला त्यात रक्षणकर्ता दिसला, दुसऱ्याला शिकार आणि तिच्यामागचे पाप. कल्पित जगातही हा भेद शोधावा. एकाच ताऱ्याविषयी त्या जगातले दोन लोकसमूह निरनिराळे सांगत असतील, तर लेखकाने तारा नीट रचला आहे असे समजावे.

गणित आणि कथा यांचा मेळ नेहमी सहज बसतो, असा समज करून घेऊ नये. टोल्कीन यांचाच दाखला घ्या. १९४४ च्या मे महिन्यात त्यांच्या लक्षात आले की ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या कथेच्या ऐन भागात दोन ठिकाणच्या पात्रांना चंद्र जुळत नाही, एका प्रदेशात तो उगवत असताना दुसऱ्या प्रदेशात मावळतो आहे. त्यासाठी त्यांनी आधीची प्रकरणे दुरुस्त केली. चंद्राचे काम दुरुस्तीने भागले, सूर्याचे भागले नाही. त्यांच्या पुराणात पृथ्वी आधी सपाट होती आणि एका महाप्रलयानंतर गोल झाली. सूर्य तर एका झाडाचे फळ. उतारवयात हे त्यांना खुपू लागले. ज्या एल्फांना देवांकडून ज्ञान मिळाले, त्यांनी आकाशाविषयी इतकी चुकीची गोष्ट का सांगावी, असा प्रश्न त्यांना पडला. पृथ्वी पहिल्यापासून गोल आणि सूर्य पहिल्यापासूनच असलेला, अशी नवी मांडणी त्यांनी सुरू केली. ती पूर्ण झाली नाही. ती टिपणे ‘मॉर्गॉथ्स रिंग’ या १९९३ च्या खंडात वाचायला मिळतात. या क्षेत्रातले सर्वांत प्रामाणिक लेखन मी त्यांना मानतो. एक मोठा लेखक शास्त्रासाठी आपली सर्वांत सुंदर कथा मोडायला निघतो, आणि ती मोडली तर वृक्षांचा प्रकाशही निरर्थक होईल हे जाणून अडखळतो. दोन्ही बाजूंचे मोल एवढ्या स्पष्टपणे क्वचितच दिसते.

क्षेत्राची दुसरी शाखा विज्ञानकथेची. तिथे तारा देवतेने घडवलेला नसतो. त्याला वस्तुमान, तापमान आणि वय असते. आयझॅक आसिमोव्ह यांची ‘नाइटफॉल’ ही कथा १९४१ च्या सप्टेंबरमध्ये प्रसिद्ध झाली. तिच्यातल्या लगाश या ग्रहाभोवती सहा सूर्य आहेत, त्यामुळे तिथे रात्र होतच नाही. दर २०४९ वर्षांनी मात्र आकाशात एकच सूर्य उरलेला असताना त्याला ग्रहण लागते, अंधार पडतो आणि तारे दिसतात. तारे कधीच न पाहिलेली माणसे त्या दर्शनाने वेडी होतात. सहा ताऱ्यांचे कुटुंब ही नुसती कल्पना नाही. आपल्या पुनर्वसू नक्षत्रातला कॅस्टर हा साध्या डोळ्यांना एक दिसणारा तारा प्रत्यक्षात सहा ताऱ्यांचा, तीन जोड्यांचा समूह आहे. ‘नाइटफॉल’चे खरे मोल मात्र तिच्यातल्या लोककथेत आहे. मागच्या अंधाराची आठवण एका पंथाच्या धर्मग्रंथात उरलेली आहे आणि शास्त्रज्ञ आपल्या सिद्धांतासाठी त्याच पंथाकडून माहिती घेतात. त्या जगात पुराण ही निरीक्षणाची विकृत झालेली पण अस्सल नोंद आहे.

लिऊ त्सिशिन यांच्या ‘द थ्री-बॉडी प्रॉब्लेम’ या कादंबरीतला ग्रह तीन सूर्यांच्या ओढाताणीत सापडलेला आहे. कधी स्थिर युग, कधी होरपळ, कधी गोठण, आणि पुढचे भाकीत अशक्य. ही व्यवस्था आपल्या सर्वांत जवळच्या ताऱ्याची, नरतुरंगातल्या मित्र ताऱ्याची, म्हणून दाखवली आहे. खऱ्या आकाशात मित्राचे दोन मुख्य तारे सुमारे ८० वर्षांत एकमेकांभोवती फिरतात आणि तिसरा, प्रॉक्झिमा, त्यांच्यापासून इतका दूर आहे की त्याच्या एका फेरीला लाखो वर्षे लागतात. त्यामुळे तिथे तसा गोंधळ नाही. तीन समतुल्य पिंड जवळजवळ आले तर त्यांची गती दीर्घकाळासाठी सांगता येत नाही, हे गणित मात्र खरे आहे. लेखकाने खरा नियम घेतला आणि खरे अंतर बाजूला ठेवले. नेमके काय घेतले आणि काय सोडले, याची नोंद ठेवणे हे अभ्यासकाचे काम. ब्रायन आल्डिस यांच्या ‘हेलिकोनिया’ या १९८२ ते १९८५ मधल्या तीन कादंबऱ्या त्यासाठी आदर्श आहेत. तिथला ग्रह एका लहान सूर्याभोवती फिरतो आणि तो सूर्य एका प्रचंड ताऱ्याभोवती फार लांबट कक्षेत फिरतो. त्यामुळे एकेक ऋतू शतकानुशतके चालतो. वसंतात जन्मलेल्या पिढ्यांना हिवाळा ही दंतकथा वाटते.

फ्रँक हर्बर्ट यांच्या ‘ड्यून’ या १९६५ च्या कादंबरीतला वाळवंटी ग्रह अराकिस कॅनोपस ताऱ्याभोवती फिरतो. कॅनोपस म्हणजे आपला अगस्त्य, व्याधाखालोखाल सर्वांत तेजस्वी तारा. तो सुमारे ३१० प्रकाशवर्षे दूर आहे आणि सूर्याच्या दहा हजारपटींहून अधिक प्रकाश फेकतो. असे भारी तारे आपले इंधन लवकर संपवतात. त्यांचे आयुष्य काही कोटी वर्षांचे, आणि सजीवसृष्टी उत्क्रांत व्हायला तेवढा काळ फारच अपुरा. विज्ञानाच्या कसोटीवर हर्बर्ट यांची निवड उतरत नाही. लोककथेच्या बाजूने मात्र मराठी वाचकाला इथे काही वेगळेच दिसते. अगस्त्य ऋषींनी समुद्र पिऊन टाकला. पावसाळा सरताना अगस्त्याचा उदय होतो आणि गढूळ पाणी निवळते, असे आपली परंपरा सांगते. वराहमिहिराच्या बृहत्संहितेत अगस्त्याच्या उदयावर स्वतंत्र अध्याय आहे. समुद्र प्राशन करणाऱ्या ऋषीच्या ताऱ्याखाली पाण्यासाठी तहानलेला ग्रह असावा, हा योगायोग आहे आणि तो योगायोग म्हणूनच नोंदवावा. हर्बर्ट यांच्या मनात अगस्त्य होते, असा दावा पुराव्याविना करू नये. पण त्या योगायोगाने आपले वाचन समृद्ध होते, हे मान्य करायलाही संकोच नको.

कल्पना आणि आकाश यांच्यातली वाट दोन्ही दिशांनी वाहती असते. १९७७ च्या ‘स्टार वॉर्स’ चित्रपटात टॅटूइन ग्रहावर दोन सूर्य मावळताना दिसले. २०११ मध्ये केप्लर दुर्बिणीच्या निरीक्षणांतून केप्लर-१६ बी हा दोन ताऱ्यांभोवती फिरणारा ग्रह सापडला, तेव्हा शास्त्रज्ञांनीच टॅटूइनची आठवण काढली. त्याहून हृद्य गोष्ट ३० मार्च २०२२ ची. हबल दुर्बिणीला तोवरचा सर्वांत दूरचा एकटा तारा दिसल्याची घोषणा झाली. त्याचा प्रकाश आपल्यापर्यंत यायला सुमारे १२.९ अब्ज वर्षे लागली. वाटेतल्या दीर्घिकासमूहाच्या गुरुत्वाकर्षणाने भिंगासारखे काम केले नसते, तर तो दिसलाच नसता. त्याला नाव दिले गेले ‘एआरेन्देल’. प्राचीन काव्यातला तो शब्द टोल्कीन यांच्या कथेतून शंभर वर्षे फिरून विश्वाच्या पहिल्या अब्ज वर्षांतल्या ताऱ्यापर्यंत पोहोचला. पुढच्या अभ्यासात तो एक तारा नसून ताऱ्यांचा गुच्छ असावा, असेही मत मांडले गेले. त्याने नावाचे औचित्य कमी होत नाही. खऱ्या ताऱ्यांनाही आपली ओळख पुन्हा पुन्हा सिद्ध करावी लागते, एवढेच त्यातून दिसते.

या क्षेत्रात नव्याने येणाऱ्यांसाठी काही पथ्ये सांगतो. पहिले, संहितेत जे लिहिले आहे तेवढेच आधी टिपा. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये मॉर्डोर या शत्रूच्या प्रदेशातल्या काळोखात सॅम या हॉबिटला ढगांच्या फटीतून एक शुभ्र तारा दिसतो आणि त्याला धीर येतो. हा तारा एआरेन्दिलच, असे असंख्य वाचक गृहीत धरतात. वेळ संध्याकाळची आहे, दिशा पश्चिमेची आहे, म्हणून तसे मानायला आधारही आहे. पण लेखकाने नाव दिलेले नाही, शिवाय तो तारा लुकलुकतो, आणि ग्रह सहसा लुकलुकत नाहीत. तेव्हा ‘असू शकेल’ इथेच थांबावे. दुसरे, चूक सापडली की लेखकाला कमी लेखू नका. ती चूक कथेला काय मिळवून देते, हे विचारा. तिसरे, ताऱ्याची कथा त्या जगात कोण सांगतो, हे पाहा. खलाशी, पुजारी, राजा आणि गुलाम एकच तारा एकाच अर्थाने पाहत नाहीत. चौथे, खरे आकाश पाहिल्याशिवाय कल्पित आकाशावर लिहू नका.

या शेवटच्या पथ्यासाठी साधने हाताशी आहेत. ‘स्टेलॅरियम’ हे विनामूल्य संगणकीय तारांगण आहे. त्यात ऑक्सफर्डचा अक्षांश घालून बोर्गिलची रात्र कोणालाही स्वतः तपासता येते. त्याहून मोठे साधन म्हणजे आपली नक्षत्रांची परंपरा. शेतकऱ्याच्या बोलण्यात मृग आणि रोहिणी अजून जिवंत आहेत, दिनदर्शिकेत रोजचे नक्षत्र छापले जाते, आणि ध्रुव, अगस्त्य, त्रिशंकू, अरुंधती या कथा घरोघरी सांगितल्या जातात. जगाच्या इतर भागांतल्या वाचकाला जे मुद्दाम शिकावे लागते, त्यातले पुष्कळसे मराठी वाचकाजवळ आधीच आहे.

मराठी विज्ञानकथेलाही ताऱ्यांचे वावडे कधीच नव्हते. जयंत नारळीकरांनी १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेसाठी ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने कथा पाठवली, तिचे नाव ‘कृष्णविवर’. विश्वरचनाशास्त्रात आयुष्यभर संशोधन केलेल्या माणसाने आपल्या भाषेत कथा लिहाव्यात, हे आपले भाग्य. त्या वाटेवर अजून खूप जागा मोकळी आहे. आपल्या लेखकांनी स्वतःची जगे रचावीत, त्यांच्या आकाशात स्वतःचे तारे ठेवावेत, त्यांच्या कक्षा मोजाव्यात आणि त्यांच्या कथा त्या जगातल्या आजीबाईंच्या तोंडून सांगाव्यात.

वाचकाला माझी विनंती एवढीच. आवडीच्या कोणत्याही कल्पित जगातला एक तारा निवडा. तो केव्हा दिसतो, कुठे दिसतो, कोणाला दिसतो आणि त्याच्याविषयी काय सांगितले जाते, हे एका वहीत लिहा. मग खऱ्या आकाशात त्याचा सोबती शोधा. सापडला तर लेखकाचे निरीक्षण कळेल, नाही सापडला तर लेखकाची कल्पना कळेल, आणि दोन्ही वेळा जे हाती येईल ते इतर वाचकांपुढे मांडा. हे क्षेत्र तरुण आहे, त्याला अभ्यासकांची गरज आहे, आणि त्यात प्रवेशासाठी जिज्ञासेखेरीज दुसरी कोणतीही पात्रता लागत नाही.